मदत हवी आहे: सीमेपलीकडे काम करणारे पोलीस जाब कोणाला देतात?

नमस्कार मंडळी,

सोळा-सतरा वर्षांच्या मुलांच्या एका अभ्यासगटात मी ‘पोलीस आणि समाज’ या विषयावर चर्चासत्रं घेते आहे. पहिलं सत्र छान रंगलं. दुसऱ्याची तयारी करताना एका प्रश्नापाशी अडले आहे. कायद्याची किंवा पोलीस प्रशासनाची जाण असलेल्यांनी कृपया मदत करावी.

पहिल्या सत्राची सुरुवात आम्ही लंडनपासून केली. रॉबर्ट पील गृहमंत्री असताना १८२९ मध्ये तिथे महानगर पोलीस दल उभं राहिलं. आपल्यावर सैन्य बसवतील ही भीती लोकांच्या मनात होती, म्हणून सैनिकांच्या लाल रंगापासून वेगळा असा निळा गणवेश ठेवला आणि शिपायाच्या हाती बंदुकीऐवजी लाकडी दंडुका दिला. पोलीस म्हणजेच जनता आणि जनता म्हणजेच पोलीस, हे पीलच्या नावावर सांगितलं जाणारं तत्त्व मुलांना फार आवडलं. जपानमधल्या ‘कोबान’ या छोट्या वस्तीचौक्यांबद्दल बोललो. सिंगापूरने १९८३ पासून त्याच धर्तीवर चौक्या सुरू केल्या, तेही सांगितलं. लोक ओळखतात, विश्वास ठेवतात, म्हणून पोलिसांचं काम चालतं, इथवर सगळ्यांचं एकमत झालं.

मग एका मुलीने विचारलं, “आपल्या पोलिसांना अधिकार आपण दिला, म्हणून आपण त्यांना जाब विचारू शकतो. पण दुसऱ्या देशाच्या पोलिसांनी पाठवलेल्या माहितीवरून मला पकडलं तर? त्यांना तर मी अधिकार दिलेलाच नाही.”

पुढच्या वेळी यावरच बोलू, असं मी तिला सांगितलं आहे. तेव्हापासून वाचते आहे. इंटरपोलकडे कोणाला अटक करणारे स्वतःचे शिपाई नाहीत, १९६ सदस्य देशांच्या पोलिसांमधला तो दुवा आहे, हे कळलं. द हेगमधल्या युरोपोललाही, म्हणजे युरोपीय संघाच्या पोलीस संस्थेलाही, अटकेचा अधिकार नाही. म्हणजे सिनेमात दिसणारा, देशोदेशी फिरून बेड्या ठोकणारा अधिकारी प्रत्यक्षात नाहीच. पण मग प्रत्यक्षात काय होतं? गुन्हेगाराच्या मागे धावताना पोलिसाने हद्द ओलांडली तर तो तिथे कोण असतो? त्याच्या हातून कोणी जखमी झालं तर भरपाई कोण देतं? आणि चुकीची माहिती पाच-सहा देशांत पसरली, तर ज्याच्याबद्दल ती आहे त्या माणसाने कोणाचं दार ठोठवायचं?

मला मुलांसमोर गोड गोड चित्र मांडायचं नाही आणि त्यांना उगाच घाबरवायचंही नाही. तिच्या प्रश्नाला प्रामाणिक उत्तर मिळावं एवढीच इच्छा आहे.

प्रतिसाद १

तुमच्या विद्यार्थिनीने नेमक्या जागी बोट ठेवलं आहे. आधी एक छोटी दुरुस्ती. ती तत्त्वं पीलने स्वतः लिहून ठेवलेली नाहीत. पहिले आयुक्त रोवन आणि मेन यांनी दलाला दिलेल्या सूचनांमध्ये तो विचार आहे, आणि आज नऊ तत्त्वांची जी यादी सगळीकडे दिसते ती विसाव्या शतकात चार्ल्स रीथ या इतिहासकाराने मांडली. मुलांना ‘पीलचा विचार’ म्हणून सांगा, ‘पीलचे शब्द’ म्हणून नको.

आता मुख्य प्रश्न. सीमा माणसं क्वचित ओलांडतात, कागद रोज ओलांडतात. त्या कागदांचे दोन रस्ते आहेत आणि त्यांतला फरक कळला की अर्धं कोडं सुटतं.

पहिला रस्ता पोलिसाकडून पोलिसाकडे. ही गाडी कोणाच्या नावावर आहे, हा ठसा तुमच्या नोंदीत सापडतो का, असे प्रश्न. हा रस्ता झटपट आहे. पण त्यातही कुलपं घालता येतात. काही युरोपीय देशांनी २००५ मध्ये प्रूम इथे करार केला, त्यात डीएनएचा नमुना ताडून पाहिला की समोरून आधी फक्त ‘जुळतो’ किंवा ‘जुळत नाही’ एवढंच उत्तर येतं. नाव-गाव हवं असेल तर वेगळी विनंती करावी लागते आणि तिला समोरच्या देशाचा कायदा लागू होतो.

दुसरा रस्ता न्यायव्यवस्थेतून जातो. साक्ष नोंदवायची आहे, बँकेचे कागद हवेत, झडती घ्यायची आहे, माणूसच ताब्यात हवा आहे, तर विनंती एका देशाच्या अधिकृत यंत्रणेकडून दुसऱ्या देशाच्या यंत्रणेकडे जाते. तिथे ती तपासली जाते. पुष्कळदा पहिला प्रश्न हा असतो की, ज्या कृत्यासाठी विनंती आली आहे ते आमच्याकडेही गुन्हा ठरतं का? संघटित गुन्हेगारीविरुद्धचा संयुक्त राष्ट्रांचा २००० सालचा पालेर्मो करार अशा मदतीसाठी मोठा आधार आहे.

या रस्त्याला महिनोन्‌महिने लागतात आणि तपास अधिकारी त्याला कंटाळतात. तो कंटाळा मी समजू शकतो. तरीही माझं ठाम मत आहे की त्या विलंबातला काही भाग आपल्या भल्याचा आहे, कारण तिथेच कोणीतरी तिऱ्हाईत तो कागद वाचून ‘हे देणार नाही’ असं म्हणू शकतो. इलेक्ट्रॉनिक पुराव्याचं मात्र वेगळं आहे, तो तासाभरात पुसला जातो. म्हणून सायबर गुन्ह्यांविरुद्धच्या २००१ च्या बुडापेस्ट करारात चोवीस तास जागा असणारा संपर्क ठेवला आहे. माहिती आधी गोठवून ठेवायची, ती हाती द्यायची की नाही हे नंतर रीतसर ठरवायचं. मला ही सोय फार समंजस वाटते.

प्रतिसाद २

पाठलागाबद्दल मी लिहितो, कारण तुमच्या प्रश्नाचं सगळ्यांत स्पष्ट लेखी उत्तर तिथेच आहे.

काही युरोपीय देशांनी आपसातल्या सीमांवरची तपासणी उठवण्यासाठी केलेला शेंगेन करार १९८५ चा. तो प्रत्यक्षात कसा आणायचा हे सांगणारा दुसरा करार १९९० मध्ये झाला आणि १९९५ पासून लागू झाला. आतल्या सीमांवरची तपासणी उठणार होती, म्हणजे चोर सहज पलीकडे जाणार आणि पोलीस रेषेपाशी थांबणार. त्यासाठी कलम ४१ मध्ये पाठलागाची मुभा दिली, पण अटी बघा. पाठलाग फक्त जमिनीवरून. सीमा ओलांडतानाच, उशिरात उशिरा तेव्हा, तिथल्या यंत्रणेला कळवायचं. त्यांनी थांबा म्हटलं की थांबायचं. गणवेश, दंडावरची पट्टी किंवा गाडीवरची खूण यांवरून आपण पोलीस आहोत हे दिसलं पाहिजे. कोणाच्या घरात शिरायचं नाही. शस्त्र जवळ ठेवता येतं, पण वापरायचं ते फक्त स्वसंरक्षणासाठी. आणि शेवटी स्थानिक यंत्रणेपुढे उभं राहून घडलेलं सगळं सांगायचं. किती आत जायचं, पकडता येईल की नाही, हे प्रत्येक देशाने स्वतंत्रपणे ठरवलं. जर्मनीने आपल्या शेजाऱ्यांना अंतराची किंवा वेळेची मर्यादा घातली नाही, इतर काहींनी घातली.

तुम्हाला हवं ते पुढच्या दोन कलमांत आहे. कलम ४२ म्हणतं की, पलीकडून आलेल्या पोलिसाने गुन्हा केला किंवा त्याच्याविरुद्ध गुन्हा झाला, तर त्याला त्या देशाचाच पोलीस समजायचं. कलम ४३ नुकसानभरपाईचं. नुकसान झालेल्या माणसाला ज्या देशात ते झालं तो देश आधी भरपाई देतो, अगदी स्वतःच्या पोलिसाने केलं असतं तर दिली असती तशीच. नंतर तो देश ती रक्कम पोलीस पाठवणाऱ्या देशाकडून पूर्ण वसूल करतो. म्हणजे सामान्य माणसाला परक्या देशाच्या कचेऱ्यांचे उंबरे झिजवावे लागू नयेत, याचा विचार झालेला आहे.

तेव्हा तुमच्या विद्यार्थिनीला सांगा, हद्द ओलांडलेला पोलीस स्वतःचा अधिकार घेऊन येत नाही. तो यजमान देशाने दिलेला, मोजूनमापून दिलेला अधिकार वापरतो, आणि जाबही तिथल्याच कायद्याप्रमाणे देतो.

प्रतिसाद ३

वरचं सगळं मान्य. पण माणूस हद्द ओलांडतो तेव्हाचे नियम जितके चोख, तितके माहिती ओलांडते तेव्हाचे नसतात, आणि खरा धोका तिथे आहे.

इंटरपोलची रेड नोटीस घ्या. बातम्यांत तिला सर्रास आंतरराष्ट्रीय वॉरंट म्हणतात. ते चुकीचं आहे. अमुक व्यक्ती आम्हाला हवी आहे, तिचा ठावठिकाणा शोधा आणि प्रत्यार्पणाचा निर्णय होईपर्यंत तात्पुरती ताब्यात ठेवा, अशी ती सदस्य देशांना केलेली विनंती असते. तिला किती वजन द्यायचं हे प्रत्येक देशाचा कायदा ठरवतो. इंटरपोलच्या घटनेतलं कलम ३ राजकीय, लष्करी, धार्मिक आणि वांशिक स्वरूपाच्या बाबींत पडायला सक्त मनाई करतं. या मनाईचं मोल संस्थेचा इतिहास पाहिला की कळतं. १९२३ मध्ये व्हिएन्नात सुरू झालेली ही संस्था १९३८ नंतर नाझींच्या ताब्यात गेली, तिचं मुख्यालय बर्लिनला हललं, आणि १९४६ मध्ये ती नव्याने उभी करावी लागली. पोलिसांच्या याद्या वाईट हातांत पडल्या तर काय होऊ शकतं, हे त्या पिढीला कोणी शिकवण्याची गरज नव्हती.

तरी गैरवापर होतो. बहारीनमधून निघून ऑस्ट्रेलियात निर्वासित म्हणून राहणारा फुटबॉलपटू हकीम अल-अरैबी याला नोव्हेंबर २०१८ मध्ये बँकॉकच्या विमानतळावर रेड नोटिशीवरून अडवलं. ज्या देशातून पळून त्याने आश्रय घेतला, त्याच देशाची ती नोटीस होती. इंटरपोलने ती काही दिवसांतच मागे घेतली. पण तो सुटला फेब्रुवारी २०१९ मध्ये. नोटीस गेली तरी कोठडी राहिली, कारण तोवर प्रकरण दुसऱ्या देशाच्या न्यायालयात गेलं होतं. मुलांना हे उदाहरण जरूर सांगा. जबाबदारी तीन-चार ठिकाणी विभागली जाते तेव्हा प्रत्येक जण आपापल्या जागी नियमाने वागत असतो आणि मधला माणूस अडकून पडतो.

दार कोणाचं ठोठवायचं? इंटरपोलच्या नोंदींवर देखरेख करणारा एक स्वतंत्र आयोग आहे. आपल्याबद्दल काय नोंद आहे हे तिथे विचारता येतं, चुकीची असेल तर काढून टाकायची मागणी करता येते, आणि त्यासाठी पैसे पडत नाहीत. फारच थोड्यांना हे ठाऊक असतं.

एक चांगलं उदाहरणही देते, नाहीतर मुलं निराश होतील. अनोळखी मृतदेहांसाठी ब्लॅक नोटीस असते. ती सहसा फक्त पोलिसांमध्ये फिरते. २०२३ मध्ये बेल्जियम, जर्मनी आणि नेदरलँड्सच्या पोलिसांनी वर्षानुवर्षं ओळख न पटलेल्या २२ स्त्रियांची माहिती इंटरपोलमार्फत लोकांपुढे ठेवली. त्यांतली एक १९९२ मध्ये अँटवर्पमध्ये मारली गेली होती. तिच्या हातावरचं फुलाचं गोंदण ब्रिटनमधल्या तिच्या घरच्यांनी बातमीत पाहिलं आणि ओळखलं. तीन देशांच्या पोलिसांना तीस वर्षांत जे जमलं नव्हतं ते लोकांना विचारल्यावर जमलं.

धागाकर्ती

तुम्हा सगळ्यांचे मनापासून आभार. कलम ४२-४३ मला माहीतच नव्हती.

आता एक उपप्रश्न. कागदावरचे नियम असूनही दोन देशांचे पोलीस एकमेकांवर विश्वास का ठेवतील? आणि ज्या पोलिसांवर त्यांच्याच देशातले लोक विश्वास ठेवत नाहीत, त्यांच्याशी सहकार्य करावं का?

प्रतिसाद ४

यासाठी उत्तर आयर्लंड पाहा. तिथल्या जुन्या पोलीस दलात कॅथलिक फारच थोडे होते, आणि कॅथलिक समाजातल्या पुष्कळांना ते दल आपलं वाटत नव्हतं. १९९८ च्या शांतता करारानंतर ख्रिस पॅटन यांच्या अध्यक्षतेखाली आयोग नेमला, १९९९ मध्ये त्याचा अहवाल आला, आणि २००१ मध्ये नव्या नावाने दल सुरू झालं. भरतीत दहा वर्षं निम्मे कॅथलिक आणि निम्मे इतर असा नियम ठेवला. तक्रारी ऐकायला पोलिसांपासून स्वतंत्र लोकपाल आणला, देखरेखीला मंडळ आणलं.

याच अहवालात सीमेपलीकडच्या आयरिश पोलिसांशी लेखी कार्यपद्धती आणि अधिकाऱ्यांची देवाणघेवाण असावी, अशाही शिफारशी होत्या. २००२ मध्ये ब्रिटिश आणि आयरिश सरकारांनी तसा करार केला. सुमारे ५०० किलोमीटरची ती सीमा शेतांमधून, वस्त्यांमधून जाते. तिथे सहकार्याशिवाय गत्यंतर नाही, आणि घरातल्या लोकांचा विश्वास नसेल तर त्या सहकार्याकडेही संशयानेच पाहिलं जातं. म्हणून दोन्ही कामं एकाच अहवालात आली, असं मी समजतो.

विश्वास नसलेल्या देशाशी सहकार्य पूर्ण तोडणं मला योग्य वाटत नाही. हरवलेलं मूल शोधायला मदत करायचीच. पण विरोधी विचाराच्या माणसाचा पत्ता द्यायचा नाही. प्रत्येक विनंती स्वतंत्रपणे तपासणं कष्टाचं आहे, पण ते कष्ट टाळून चालणार नाही.

प्रतिसाद १ लिहिणारा पुन्हा

तुमच्या विद्यार्थिनीच्या मूळ प्रश्नाचा एक भाग राहिला: बाहेरून आलेल्या माहितीवरून खटला चालला तर? २०२० मध्ये फ्रेंच आणि डच पोलिसांनी एन्क्रोचॅट ही गुप्त संदेशसेवा भेदली आणि त्यातून हाती आलेले संदेश इतर देशांना मिळाले. बर्लिनच्या न्यायालयाने त्याबद्दल युरोपीय संघाच्या न्यायालयाकडे विचारणा केली. एप्रिल २०२४ च्या निकालात इतर मुद्द्यांबरोबर हेही आलं की, ज्या पुराव्यावर आरोपीला प्रभावीपणे आपलं म्हणणं मांडता येत नाही आणि जो निकालावर मोठा परिणाम करू शकतो, तो फौजदारी न्यायालयाने बाजूला ठेवावा. म्हणजे माहिती कुठूनही येवो, तिची परीक्षा जिथे खटला चालतो तिथेच होते. तिने अधिकार दिलेल्या न्यायाधीशासमोर.

वाचायला द्यायचं असेल तर पोलिसांसाठी संयुक्त राष्ट्रांनी १९७९ मध्ये स्वीकारलेली आचारसंहिता द्या. आठच कलमं आहेत, तासाभरात वाचून होतात.

धागाकर्ती

हे शेवटचं वाक्य मी तिला जसंच्या तसं सांगणार आहे, आणि त्याच्याबरोबर बँकॉकचं प्रकरणही, कारण तिथे तो न्यायाधीश परका होता. सत्रात मुलांचे तीन गट करीन: विनंती करणारे पोलीस, विनंती आलेला देश आणि ज्याचं नाव कागदावर आहे तो माणूस. आचारसंहिताही छापून नेते.

अजून एक मदत. पोलिसांनी दुसऱ्या देशातल्या इंटरनेट कंपनीकडून थेट माहिती मागवायची, त्या देशाच्या यंत्रणेकडून न जाता, अशी तरतूद बुडापेस्ट कराराच्या २०२२ मध्ये सह्यांसाठी खुल्या झालेल्या पुरवणी करारात आहे असं वाचलं. मग तो तिऱ्हाईत वाचणारा कुठे राहिला? यावर कोणी सविस्तर लिहू शकेल का?