मदत हवी आहे: त्राबांट मोटारीच्या प्रतीक्षायादीतला नंबर वारसांना मिळायचा का?

पूर्व जर्मनीतल्या रोजच्या जगण्यावर दिवाळी अंकासाठी लेख लिहिते आहे. त्राबांट 601 साठी नाव नोंदवून दहा वर्षं, कित्येकदा त्याहून जास्त, थांबावं लागे. म्हणून 18 पूर्ण होताच लोक नाव घालत. वापरलेली गाडी नव्यापेक्षा महाग जायची, हे वाचून मी थक्क झाले. इंजिन, ड्युरोप्लास्टची (एक प्रकारच्या कडक प्लास्टिकची) बॉडी ही माहिती भरपूर जमली आहे. पश्चिमेकडच्या नातेवाइकांनी गेनेक्स या पूर्व जर्मन सरकारी कंपनीमार्फत पैसे भरले की रांग चुकायची, हेही ठाऊक आहे. अडलंय एकाच ठिकाणी. जर्मन वाचता येतं, मूळ कागद चालतील. 1980 नंतरचे असतील तर उत्तम. नोंदणी केलेला माणूस वाट पाहतानाच वारला, तर त्याचा नंबर बायकोमुलांना मिळायचा, की त्यांना पुन्हा रांगेच्या शेवटी जावं लागायचं?