केस ‘रिमांड’ झाली, मराठीत काय म्हणायचं?

अनुवादिनी: एका दिवाणी निकालाचं भाषांतर करतेय. जिल्हा न्यायालयाने हुकूमनामा रद्द करून दावा नव्याने चालवायला खालच्या कोर्टाकडे पाठवलाय. मी लिहिलं, ‘दावा प्रतिप्रेषित’. पक्षकार आजोबांना वाचून दाखवलं, तर म्हणाले, “म्हणजे जिंकलो का हरलो?” ‘रिमांड’ म्हटलं तर दचकलेच: “कुणाला आत टाकलं?”

जुना कारकून: ताई, पट्टेवाल्यापासून वकिलांपर्यंत सगळे म्हणायचे, ‘केस खाली आली’. महसुलात ‘फेरचौकशीसाठी परत’. कुणाचं काही अडलं नाही.

शुद्धमती: खाली यायला ती काय पाण्याची टाकी आहे? पाकिटावर ‘प्रेषक’ चालतो, मग प्रतिप्रेषण का नको? वापरल्याशिवाय शब्द रुळतील कसे?

जुना कारकून: प्रतिप्रेषित म्हटलं की मला कुणीतरी तोतया प्रेषित डोळ्यासमोर येतो, त्याला मी काय करू!

खानदेशी: रिमांड मराठीच आहे हो! रि + मांड. डाव विसकटला की पुन्हा मांडायचा.

शुद्धमती: लॅटिन ‘मान्दारे’, म्हणजे सोपवणे, हुकूम देणे. कमांडही त्याच घरातला. का तो ‘कमी मांड’?

काळा कोट: आधी हुकूम कोणत्या नियमाखाली आहे ते बघा. दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश ४१. दावा मुदतबाह्य वगैरे प्राथमिक मुद्द्यावरच निकाली काढला आणि तो निर्णय अपिलात फिरला, तर नियम २३. एरवी हुकूमनामा फिरवून फेरसुनावणी गरजेची वाटली तर २३-ए, हा १९७६ च्या दुरुस्तीतला. नियम २५ मध्ये मात्र अपील वरच राहतं. फक्त मुद्दे खाली जातात आणि पुरावा घेऊन निष्कर्षासकट वर येतात. त्याला ‘केस खाली आली’ कसं म्हणणार? आणि पुरावा पुरेसा असेल तर नियम २४ प्रमाणे वरच्या कोर्टाला स्वतःच निकाल देता येतो. तरी ऊठसूट परत पाठवतात. पक्षकाराची हयात जाते त्यात.

अनुवादिनी: आमचं नियम २३ चं, मुदतीचंच. मग ‘फेरनिर्णयासाठी परत’ चालेल?

काळा कोट: चालेल. पण ‘फेरविचार’ लिहू नका, लोकांना पुनर्विलोकन, म्हणजे ‘रिव्ह्यू’ वाटेल. ते निकाल देणाऱ्या त्याच कोर्टापुढे असतं.

शुद्धमती: ‘फेर’ही संदिग्धच. फेरफार, फेरतपासणी, फेरा… त्यापेक्षा प्रतिप्रेषणच बरं. आणि खानदेशी, तुमची व्युत्पत्ती म्हणजे मनातले मांडे.

खानदेशी: मनातले कशाला, आमच्याकडे खापरावरचे असतात. मांडा तरी ‘मांडणे’वरूनच ना?

शुद्धमती: नाही. संस्कृत ‘मंडक’वरून.

अनुवादिनी: अहो, आजोबा उद्या सकाळी येणार आहेत.

खानदेशी: बरं, मांडव?

शुद्धमती: मंडप!