यंत्रे बनवणाऱ्याने शर्यतीचा संघ का बाळगावा?

भोसरीकर:
भोसरीत माझे जॉबवर्कचे छोटे वर्कशॉप असून त्यात तीन व्हीएमसी (संगणकावर चालणारी, धातू कापून भाग बनवणारी उभी यंत्रे) आहेत. हास ऑटोमेशन या कंपनीचे नाव मला अशा यंत्रांमुळे परिचित होते. मात्र तिचे संस्थापक जीन हास यांचाच फॉर्म्युला वनमध्ये संघ आहे, हे मुलाने दाखवल्यावर कळले. ज्याचे गिऱ्हाईक आमच्यासारखे कारखानदार, त्याने एवढा पैसा शर्यतींत का ओतावा? ही निव्वळ हौस आहे, की त्यामागे काही हिशेब आहे?

जुना टूलरूमवाला:
हौस आहेच, पण हिशेबही पक्का आहे. हास यांनी १९८३ मध्ये कॅलिफोर्नियात इंडेक्सरपासून (जॉब ठरावीक कोनात फिरवून धरणाऱ्या साधनापासून) सुरुवात केली आणि १९८८ मध्ये व्हीएफ-१ हे व्हीएमसी ५० हजार डॉलरच्या आतल्या किमतीत आणून जम बसवला. २००२ मध्ये त्यांनी नॅसकार या अमेरिकी मोटारशर्यतींच्या मालिकेत संघ उतरवला. पुढे शर्यतपटू टोनी स्टुअर्ट भागीदार झाल्यावर २०११ आणि २०१४ अशी दोन अजिंक्यपदेही मिळाली. परंतु नॅसकार हा मुख्यतः अमेरिकेचा खेळ, आणि यंत्रे तर जगभर विकायची, म्हणून २०१६ मध्ये ते फॉर्म्युला वनमध्ये आले. पहिल्या गाडीचे नाव पाहा: व्हीएफ-१६, म्हणजे यंत्राचेच 'व्हीएफ'. एवढी उघड जाहिरात मी तरी दुसरी पाहिलेली नाही.

मोटारप्रेमी:
मला त्यांची पद्धत अधिक महत्त्वाची वाटते. स्वतः बनवायचे की बाहेरून घ्यायचे, हा प्रश्न आपण प्रत्येक जॉबच्या वेळी सोडवतो. त्यांनी नियमांत बसेल तेवढे विकत घेतले. इंजिन, गिअरबॉक्स आणि सस्पेन्शन फेरारीकडून, तर चॅसीचे (गाडीच्या सांगाड्याचे) काम इटलीच्या दल्लारा कंपनीकडे. त्यामुळे मेलबर्नच्या पहिल्याच शर्यतीत त्यांचा चालक ग्रोजाँ सहावा आला आणि २०१८ मध्ये संघांच्या क्रमवारीत पाचवे स्थान मिळाले. याची दुसरी बाजूही आहे: २०२१ मध्ये दोन नवखे चालक आणि जवळजवळ विकास थांबवलेली गाडी यांमुळे संघाला एकही गुण मिळाला नाही. जाहिरात म्हणून पाहिले, तर सर्वांत मागे धावणारी गाडी यंत्राबद्दल काय सांगणार?

जुना टूलरूमवाला:
त्याहून बोचणारा प्रसंग २०१८ च्या मेलबर्नचा आहे. दोन्ही गाड्या चौथ्या-पाचव्या क्रमांकावर होत्या; पिट स्टॉपमध्ये, म्हणजे चाके बदलायला थांबल्यावर, आधी एकीच्या आणि दोन फेऱ्यांनी दुसरीच्या चाकाचा नट तिरका बसला, आणि दोन्ही शर्यतीबाहेर गेल्या. मायक्रॉनच्या (मिलिमीटरच्या हजाराव्या भागाच्या) गोष्टी करणाऱ्याच्या नावाची गाडी आट्यांपायी थांबावी!

भोसरीकर:
आपणा दोघांचे आभार. आमच्याकडे नव्या पोऱ्याला पहिल्याच दिवशी शिकवतात, की पहिले दोन आटे हातानेच घालावेत आणि मगच पाना लावावा. पिट स्टॉपच्या अडीच-तीन सेकंदांत तेवढीच सवड नसते.