रोलरकोस्टर टायकून: पहिलीच लेव्हल पार होईना

निशाचर: १९९९ चा जुना गेम परत काढलाय, अम्युझमेंट पार्क बांधून चालवायचा. पहिली लेव्हल, फॉरेस्ट फ्रंटियर्स. पहिल्या वर्षाच्या ऑक्टोबरअखेर पार्कात २५० लोक आणि पार्कचं रेटिंग ६०० पाहिजे. लोक येतात पण रेटिंग धाडकन खाली येतं, दोनदा हरलो, काय चुकतंय?

गुरुजी: सफाईवाले काय करतायत ते बघ. त्यांना गवत कापायचं कामही आपोआप दिलेलं असतं, मग ते बिचारे गवतातच रमतात आणि इकडे रस्त्यावर उलट्या तशाच. गवताचा टिक काढ, प्रत्येकाला थोडाच रस्ता आखून दे. मोठ्या राईडच्या एक्झिटपाशी एक माणूस हवाच, सगळी घाण तिथेच होते. बाकं पण ठेव.

पाऊसवाला: आणि इन्फो किऑस्क लाव, छत्र्या विकणारा स्टॉल! पाऊस सुरू झाला की छत्रीचा भाव चढव, लोक भिजत भिजत मुकाट घेतात, जरा नालायकपणाच आहे पण गल्ला भरतो 😄

निशाचर: गवताचंच होतं राव!! माझे तिघंही कोपऱ्यात गवत कापत बसलेले. आता रेटिंग चढतंय पण माणसं २१० वर अडकली

गुरुजी: मग जाहिरात टाक ना, आणि एखादी छोटी नवी राईड. मोठा कोस्टर आत्ता नको, पैसे अडकतील