मदत हवी आहे: इन्स्क्रिप्टचा हलन्त अंगठ्यावर

नमस्कार मंडळी. जळगावात संस्कृत पोथ्यांचं टंकन चालू आहे, सोबत थोडं अहिराणीही. इन्स्क्रिप्टमध्ये (भारतीय लिप्यांच्या प्रमाण कळ-मांडणीत) हलन्त, म्हणजे पाय मोडण्याचं चिन्ह, ‘डी’वर, काना ‘ई’वर, दोन्ही डाव्या हाताच्या मधल्या बोटाकडे. मराठीत निभतं, पण ‘कार्त्स्न्य’ लिहिताना ११ कळांपैकी ५ त्याच बोटावर येतात. बोट भरून येतं.

म्हणून दुभागलेल्या कीबोर्डवर, क्यूएमके या फर्मवेअरच्या (कीबोर्डच्या आतल्या प्रोग्रामच्या) वेगळ्या लेयरमध्ये, म्हणजे कळींच्या पर्यायी मांडणीत, अंगठ्याच्या कळीला ‘डी’ दिलाय. फार सुखाचं आहे! अडचण एकच: फर्मवेअर नुसता कळीचा कोड पाठवतं, संगणकावरची भाषा त्याला कळत नाही. माउसने इंग्रजी निवडली की लेयर तसाच राहतो आणि अंगठ्याखाली ‘डी’ उमटतो. भाषा बदलणारं विंडोज-स्पेस व लेयरबदल एकाच मॅक्रोत (एका कळीने चालणाऱ्या क्रमात) घातले तरी तेच.

रॉ एचआयडीने (संगणक व कीबोर्ड यांच्यात थेट माहिती पाठवण्याच्या सोयीने) कीबोर्डला चालू भाषा कळवणारी स्क्रिप्ट विंडोजवर कुणी वापरतं का? कृपया नमुना द्यावा.