पळत पळत शहर, आणि शेवटी सेन्तो: तुमचे अनुभव लिहा

मागच्या नोव्हेंबरात कामासाठी टोकियोत होतो. एक दिवस मोकळा मिळाला, तो पळत पळत शहर दाखवणाऱ्या एका गाईडबाईंना देऊन टाकली. सातआठ किलोमीटर पळायचं, मध्ये थांबून ऐकायचं, आणि शेवटी सेन्तोत, म्हणजे गल्लीतल्या सार्वजनिक न्हाणीघरात, अंघोळ. पुण्यात आम्ही पहाटे पाचला पळणारे, म्हणून मी सकाळची वेळ मागितली. बाईंनी कळवलं, बहुतेक सेन्तो दुपारी तीन-चारला उघडतात, तोवर घामट अंगाने कुठे बसणार?

उएनोच्या शिनोबाझु तळ्यापासून निघालो. नेझुच्या देवळातल्या लाल कमानींच्या बोळातून चालत, मग यानाकाच्या दफनभूमीतून पळत. जपानचा शेवटचा शोगुन, म्हणजे लष्करी सत्ताधीश, तोकुगावा योशिनोबू इथेच पुरलेला आहे. थडग्यांमधून पळताना मला कसंसंच झालं, पण एक आजोबा कुत्र्याला घेऊन तिथून निवांत चालले होते. पुढे एक कौलारू इमारत लागली. काशिवायु नावाचं दोनशे वर्षांचं सेन्तो बंद पडल्यावर १९९३ पासून तिथे कलादालन आहे, पण दारातले चपलांचे कप्पे तसेच ठेवलेत. युयाके दान्दान म्हणजे मावळतीच्या पायऱ्या. तिथे साडेचारला पोचलो आणि ऊन खरोखरच बुडत होतं. वेळ त्यांनी जमवून आणली होती, हे नंतर लक्षात आलं.

आणि मग सेन्तोच्या दारात निळा पडदा पुरुषांचा, लाल बायकांचा. गटात आम्ही तिघं पुरुष, गाईड बाई! फुटपाथवर तीन मिनिटांत त्यांनी सगळं सांगितलं: आधी साबण लावून स्वच्छ व्हा, फेस उरला नाही बघा, मग हौदात उतरा, छोटा पंचा पाण्यात बुडवू नका. "आता पुढचं तुमचं तुम्ही," म्हणून त्या लाल पडद्याआड गेल्या.

एवढं ऐकूनही मी चुकलोच. उभा राहून शॉवर घ्यायला लागलो. शेजारच्या म्हाताऱ्याच्या अंगावर शिंतोडे. तो काही बोलला नाही. प्लास्टिकचं बुटकं स्टूल माझ्याकडे सरकवलं आणि त्यावर दोनदा थोपटलं. आजीच्या न्हाणीत पाट, घंगाळ आणि बाहेर धगधगणारा बंब होता; त्यानंतर बसून अंघोळ केल्याचं मला आठवत नाही. हौदाच्या मागच्या भिंतीवर फुजी पर्वत रंगवलेला. ही पद्धत १९१२ ची. टोकियोच्या कांदा भागातल्या किकाइयु नावाच्या सेन्तोने एका चित्रकाराला बोलावलं, तो शिझुओकाकडचा निघाला, त्याने आपल्या गावाकडचा डोंगर काढला. तेव्हापासून टोकियोची माणसं डोंगराच्या पायथ्याशी गळाभर पाण्यात बसतात.

पैसे ५५० येन पडले, ऑगस्ट २०२४ मध्ये ठरलेला टोकियोचा दर. तो मालक मनाने वाढवू शकत नाही. १९४६ च्या भावनियंत्रण हुकुमाखाली प्रत्येक प्रांत कमाल दर बांधून देतो.

मला हे जाणून घ्यायचंय की पडद्यापलीकडे, गाईड संपल्यावर, तुमचं काय झालं. लिहा.

निशीकसाईहून

टोकियोच्या या भागात इतकी भारतीय वस्ती आहे की स्टेशनबाहेर मराठी कानावर पडली तर कुणी मागे वळून बघत नाही. मी रोज आराकावा नदीच्या काठाने पळतो. नदीच्या मुखापासून किती किलोमीटर आलात त्याच्या पाट्या काठावर आहेत, त्यामुळे घड्याळ घरी विसरलं तरी चालतं. कासाई रिन्काई पार्कचा ११७ मीटर उंच आकाशपाळणा दिसला की घर आलं.

घरापासून चार मिनिटांवर सेन्तो. नऊ वर्षांत एकदाही गेलो नव्हतो. शेवटी आई आली तेव्हा गेलो. ती माझ्यापेक्षा धीट. आधी म्हणाली, "सगळ्यांसमोर?" मी म्हटलं, अगं वज्रेश्वरीला कुंडात उतरतेसच की. "तिथे अंगावर साडी असते, शहाण्या." पण गेली बायकोबरोबर. पाऊण तासाने बाहेर आली ती एका जपानी आजींचा हात धरूनच. दोघींनी एकमेकींच्या पाठी चोळून दिल्या होत्या, आणि आईचा दावा असा की त्या आजींच्या सुनेचं काही ठीक चाललेलं नाही. भाषेचा एक शब्द येत नसताना हे कसं कळलं ते विचारू नका.

नरक चतुर्दशीला इथे नेऊन अभ्यंगस्नान घालावं असं तिच्या मनात होतं. पण सूर्योदयापूर्वी उघडायचं कुणी? आणि उटण्याने मोरी तुंबली असती ते वेगळंच.

बेचाळिशीतली, ठाणे

शाही राजवाड्याभोवतीची पाच किलोमीटरची फेरी. वाटेत एकही सिग्नल नाही, म्हणून टोकियोतले पळणारे तिथे लोटतात. मी गाईडच्या आधी दहा मिनिटं पोचले, साकुरादामोन दरवाज्यापासून वॉर्मअप म्हणून सुटले, तर समोरून येणारी झुंडच्या झुंड माझ्यावर. कुणी रागावलं नाही, सगळे नुसते अंग चोरून बाजूला होत होते, ते जास्त लाजवणारं. तिथे घड्याळाच्या उलट दिशेने पळायचा रिवाज आहे. मी देवळातली सवय, उजवीकडे ठेवून प्रदक्षिणा! उलटी प्रदक्षिणा घालायला पाय तयारच होईनात.

रस्त्यात प्रत्येक प्रांताच्या फुलाची फरशी बसवलेली आहे. ताकेबाशीनंतर चढ लागतो तेव्हा मी फुलं बघायच्या निमित्ताने चालून घेतलं. नंतर कांदातलं इनारी-यु. तिथे पळणारे सामान ठेवून जातात, फेरी मारून परत येऊन न्हातात.

सगळे म्हणतात की आत कुणी कुणाकडे बघत नाही. माझ्याकडे बघितलं. दोन सिझेरियनचं पोट पंच्याने झाकत मी हौदाकडे निघाले होते, आणि एक सत्तरीची बाई थेट माझ्या पायांकडे बघून "आरा, आरा" (म्हणजे अगंबाई!) करायला लागली. उजव्या अंगठ्याचं काळंनिळं पडलेलं नख! मग तिने स्वतःचा पाय वर करून दाखवला. तिचंही तसंच. आम्ही दोघी हसलो. पंचा कुठे गेला मला आठवत नाही.

बेप्पूला गेलेली

छोटंसं सांगते. बेप्पू हे जपानातलं गरम झऱ्यांचं शहर; तिथल्या म्योबानच्या गंधकाच्या झऱ्यात उतरण्याआधी चांदीची जोडवी काढा. माझी कोळशासारखी झाली. सेन्तोत ही भीती नाही, तिथे बहुधा साधं तापवलेलं पाणी.

नाशिकचा, क्योटोवरून

माझा सूर थोडा वेगळा आहे. पळणं सुंदर झालं, त्यात वाद नाही. कामो नदीच्या काठाने उत्तरेकडे, देमाचियानागीला कासवाच्या आकाराच्या दगडांवरून उड्या मारत पलीकडे. गाईड दोन दगड पुढे, मी मागे, हाती बूट.

शेवट फुनाओका ओन्सेन नावाच्या सेन्तोत. १९२३ चं, सरकारी वारसा नोंदीतलं. कपडे बदलायच्या खोलीत लाकडावर केलेलं बारीक कोरीवकाम, त्याखाली झळझळीत रंगीत फरश्या. सगळे माना वर करून वाहवा करत होते, मीही केली. मग नीट बघितलं तर कोरीवकामात सैनिक आहेत, हातात लांबलचक बॉम्ब घेऊन धावणारे. ते १९३२ च्या शांघायच्या लढाईतले. ज्या शहरावर ते तुटून पडले तिथल्या कुणी या खोलीत शर्ट काढताना वर बघितलं तर काय वाटेल? गाईडने सांगितलं होतं फक्त "जुनं कोरीवकाम". मी काही ते उतरवा म्हणत नाही. पण दीड तास इतिहास सांगत पळलात, तर हाही सांगा.

दुसरी तक्रार विनोदी आहे. एका कोपऱ्यातल्या हौदात बसलो आणि कमरेतून मुंग्या आल्या, स्नायू आवळले. पळून आल्यावर छातीशी संबंध लावायला किती वेळ लागतो! तो विजेचा हौद निघाला. पाण्यातून सौम्य करंट सोडतात, कानसाई भागात, म्हणजे क्योटो-ओसाकाकडे, लोकांना फार प्रिय. पेसमेकर असेल त्याने अजिबात उतरू नये.

आणि अंगावर पाणी घ्यायचे ते पिवळे केरोरिनचे टमरेल. डोकेदुखीच्या औषधाची जाहिरात, १९६३ पासून. टोकियोत जरा मोठं, इकडे लहान. कारण इकडे हौदातलंच पाणी उपसून अंगावर घेतात; मोठं भरलं तर जड होतं आणि हौद लवकर रिकामा.

टॅटूवाला

दंडावर राजमुद्रा गोंदवलेली आहे. एका मोठ्या, मॉलसारख्या स्नानगृहाने काउंटरवरूनच परत पाठवलं. पळून झालं होतं, घाम वाळत होता, बाहेर सहा अंश. टूर नेणाऱ्यांनी आधी विचारायला नको का? गाईड बिचारा ओशाळला, मला घेऊन आणखी दोन किलोमीटर पळाला, एका गल्लीतल्या सेन्तोत शिरवलं. तिथे गल्ल्यावरच्या मावशींनी राजमुद्रेकडे बघून "काक्कोई" म्हटलं. म्हणजे झकास. साध्या सेन्तोत सहसा अडवत नाहीत असं कळलं, पण विचारून जाणं बरं.

ओता वॉर्ड, टोकियो

आमच्या कामाताच्या बाजूला जमिनीतून काळं पाणी येतं, कुरोयु. पुराणकाळच्या कुजलेल्या वनस्पतींमुळे रंग येतो. कडक चहासारखं दिसतं, हौदात स्वतःचे गुडघे दिसत नाहीत. लाजाळू मराठी माणसाने सुरुवात इथून करावी! आधी तामागावा नदीकाठी पळून यायचं.

एक इशारा. उन्हाळ्यात पंधरा किलोमीटर पळून सरळ ४४ अंशांच्या हौदात गेलो, मिनिटभराने उठलो आणि डोळ्यांपुढे अंधारी. दोघांनी काखेत हात घालून बाहेर बसवलं. दहा मिनिटं चाला, पाणी प्या, आधी कोमट हौद, आणि उठताना सावकाश. कॉफीच्या दुधाची बाटली शेवटी, एक हात कमरेवर ठेवून. हा नियम नाही, पण सगळे तसेच पितात.

धागाकर्ता

काळ्या पाण्याची कल्पना आवडली. टॅटूबद्दल आभार, माझ्या भाच्याला कळवतो.

गाईडबाईंना परवा नमस्काराचा मेल टाकला होता. त्यांचं उत्तर आलं की आपण गेलो होतो ते सेन्तो आता नाही. मालक थकले, बॉयलर बदलायचा खर्च झेपणारा नव्हता. १९६८ मध्ये टोकियोत २,६८७ सेन्तो होती. आज साडेचारशेसुद्धा नाहीत. बाईंनी रस्ता बदललाय, पळणं दीड किलोमीटरने वाढलंय. पूर्वी धुराडं दिसलं की तिकडे वळायचं, इतकं सोपं होतं म्हणे.

साताऱ्याहून

आधी बोलायची लाज वाटत होती, पण वरचं वाचून लिहितेच. गेल्या वर्षी एप्रिलमध्ये टोकियोत सुमिदा नदीकाठी पळून एका सेन्तोत गेलो होतो. बुटांच्या कप्प्याला लाकडी फळीची किल्ली असते, ती ओढून घ्यायची, निघताना परत घालायची. निघायच्या गडबडीत एका काकूंनी माझे बूट काढून समोर ठेवले आणि माझी किल्ली पळायच्या पाउचमध्येच राहिली. घरी येऊन धुवायला काढलं तेव्हा सापडली. ३७ नंबर. दीड वर्ष झालं, देवघराच्या खणात आहे. त्या कप्प्यात आता कुणाला बूट ठेवता येत नसतील.

नाव-पत्ता माझ्याकडे आहे. इथून पुढच्या दोन-तीन महिन्यांत कुणी टोकियोला चाललंय का? मी कुरिअरने पाठवते.