बर्मी खेड्यातली नायिका नेमकं काय झुगारते?

सागवान (धागाकर्ता): बर्मी चित्रपटांत खेड्यातली मुलगी परंपरेविरुद्ध उभी राहते, ते मला पटत नाही. तिकडे हुंड्याची चाल नाही, लग्नानंतर नाव बदलत नाही, संसारात कमावलेल्यात बाईचा वाटा असतो. बाजारात गल्ल्यावर तीच बसते. तिला छळते ती गरिबी.

काठपदर: हे वाचून गप्प बसवेना. गल्ल्यावर बसली म्हणून बाई मोकळी झाली का? शिनब्यू, म्हणजे मुलाला श्रामणेर (बालभिक्षू) करण्याचा विधी, बघा. मुलगा राजपुत्रासारखा नटून वाजतगाजत विहाराकडे निघतो, मग मुंडन. केस जमिनीवर पडू नयेत म्हणून आई पांढरं कापड धरते. बहुतेकदा त्याच मांडवात बहिणीचे कान टोचतात. त्याला चीवर, हिला कर्णफुलं! मंडालेत महामुनी या बुद्धमूर्तीला सोन्याचा वर्ख लावायचा तोही पुरुषांनीच. बाईनं लांबून हात जोडायचे, वर्ख तिच्या पैशाचा असला तरी.

दर्यावर्दी: वर्ख सणावारी, रोजचं बघा. थमेइन, म्हणजे बायकांची लुंगी, पुरुषांच्या कपड्यांत धुवायची नाही. वाळत घालायची मागल्या दारी, खाली. तिच्याखालून पुरुष गेला तर त्याचं 'फोउन', पुण्यतेज, घटतं अशी समजूत. मार्च २०२१ मध्ये, लष्करानं सत्ता बळकावल्यावरच्या आंदोलनात, यांगूनला बायकांनी त्याच लुंग्या रस्त्यावर आडव्या दोऱ्या बांधून उंच टांगल्या. दोऱ्या उतरवण्यातच सैनिकांचा वेळ गेला.

सागवान: म्हणजे समजूत बायकांच्या कामी आली. मग ती बेडी कशी?

काठपदर: अहो, काय बोलताय! सैनिकाच्या मनात बाईचं वस्त्र अपवित्र, म्हणूनच तो अडला. ही बाईची ताकद नव्हे, तिच्या अपमानाचाच वापर आहे.

दर्यावर्दी: अर्धंच खरं. त्याच दिवसांत काही तरुणांनी थमेइन डोक्याला गुंडाळून मोर्चे काढले. समजूत तिथं मोडली, तेही पुरुषांच्या हातून.

सागवान: लुंगीवरच अडकलात सगळे. खेड्यातली मुलगी यांगूनच्या लाइंगथायाला शिवणकामाच्या कारखान्यात जाते ती मजुरीसाठी. २०१८ मध्ये आठ तासांचे किमान ४,८०० च्याट (तिथलं चलन) ठरले होते. पोटाचा प्रश्न आहे तो.

काठपदर: आणि तिथं तिनं अबौद्ध मुलाशी लग्न ठरवलं तर? २०१५ चा कायदा वाचा. तिचा अर्ज १४ दिवस जाहीर लावतात, हरकती मागवतात. वय विसाच्या आत असेल तर आईबापांची संमती हवी. बौद्ध मुलाला यातलं काही नाही.

सागवान: कायद्याचं मान्य करावं लागेल. नाव बदलत नाही हे मात्र मागे घेणार नाही.